ब्रायंट, डेव्हिड जॉन
(२७ ऑक्टोबर १९३१–२७ ऑगस्ट २०२०). विख्यात इंग्लिश लॉन बोल्सपटू. जन्म सॉमरसेट परगण्यातील क्लीव्हडन या समुद्रकाठच्या गावी. घरात या खेळाची परंपरा होती. काही वर्षे त्याने शाळेत शिक्षक म्हणून काम केले.

लॉन बोल्समध्ये जॅक हा लहान गोळा आधी हिरवळीवर घरंगळत पाठवितात व नंतर आपले मोठे गोळे त्याच्या जास्तीत जास्त जवळ नेण्याचा प्रयत्न करतात. मोठ्या गोळ्याचा आकार हेतुतः एका अंगाला असमतोल ठेवलेला असतो. त्यामुळे तो सरळ न जाता, वेग मंदावू लागताच एका बाजूस अधिकाधिक वळतो. म्हणून नेम जॅकवर धरून चालत नाही. वळणाचा अंदाज घेऊन तो बाजूस धरावा लागतो. हे वळण हिरवळीवर अवलंबून असते. इंग्लंडच्या ओलसर, दाट हिरवळीवर सु. २७ मी. अंतर तोडून थांबण्यास गोळ्याला साधारणतः १० ते १२ सेकंद लागतात, तर न्यूझीलंडच्या कोरड्या व गुळगुळीत पृष्ठभागावर १६ सेकंदांहूनही अधिक. तेथे हलक्या हाताने सोडलेला गोळाही दूरवर जातो. ज्या हिरवळीवर गोळा अधिक वेळ घेतो तिलाच ‘जलद’ म्हणतात, हे नवख्यास चमत्कारिक वाटते. जलद हिरवळीवर गोळ्याचे वळण फार रुंद होते आणि संथ हिरवळीवर तयार झालेल्या हाताचे सारे अंदाज चुकू लागतात.

ब्रायंटचे श्रेष्ठत्व येथेच दिसते. संथ हिरवळीवर घडलेल्या या खेळाडूने मैदानी जागतिक एकेरीची तिन्ही अजिंक्यपदे दक्षिण गोलार्धात मिळविली : १९६६ मध्ये सिडनीच्या कायीमा उपनगरात झालेल्या पहिल्याच स्पर्धेत, १९८० मध्ये ऑस्ट्रेलियातीलच फ्रँक्स्टन येथे, आणि १९८८ मध्ये ऑक्लंड येथे, वयाच्या ५६ व्या वर्षी. उलट, १९७२ ची स्पर्धा इंग्लंडमध्ये वर्दिंग येथे झाली, तेव्हा एकेरीचे पद एका वेल्श खेळाडूकडे गेले. राष्ट्रकुल क्रीडास्पर्धांत त्याने १९६२ (पर्थ), १९७० (एडिंबरो), १९७४ (क्राइस्टचर्च) व १९७८ (एडमंटन) अशी एकेरीची चार सुवर्णपदके जिंकली; १९६६ च्या किंग्स्टन येथील स्पर्धांत हा खेळच नव्हता. पर्थला चौघांच्या संघाचे सुवर्णपदकही त्याला लाभले. इंग्लंडचे राष्ट्रीय एकेरी अजिंक्यपद त्याने सहा वेळा पटकाविले.

छताखालील खेळ गालिच्यावर होतो. जागतिक अंतर्गृही एकेरीच्या १९७९, १९८० व १९८१ या पहिल्या तिन्ही स्पर्धा त्यानेच जिंकल्या. पुढे टोनी ऑलकॉक या सु. २४ वर्षांनी लहान जोडीदारासह दुहेरीचे अजिंक्यपद त्याने १९८६ ते १९९२ या काळात सहा वेळा मिळविले. शेवटच्या वेळी तो साठीत होता.

चटईवर खाली बसून तो दिशा निश्चित करी आणि वर उठता उठता गोळा सोडी. शैली पुस्तकी नव्हती, पण तिच्यात क्वचितच फरक पडे. दातांत धरलेला, बहुधा न पेटविलेला पाइप ही त्याची दूरचित्रवाणीच्या प्रेक्षकांना परिचित अशी खूण होती. ब्रिटिश शासनाने त्याला १९६९ मध्ये एम.बी.ई. व १९८० मध्ये सी.बी.ई. हे किताब दिले.