सोयीचे लग्न : सोय नेमकी कोणाची?

इंग्लंडचा राजा तिसरा जॉर्ज भ्रमिष्ट झाल्यामुळे 1811 ते 1820 या काळात त्याच्या मुलाने राजप्रतिनिधी म्हणून कारभार पाहिला. इतिहासाच्या पुस्तकात या नऊ वर्षांना फार तर एखादे प्रकरण मिळते. इंग्रजी प्रेमकादंबरीत मात्र ती अद्याप संपलेली नाहीत. पुस्तके भाड्याने देणाऱ्या दुकानांतून या 'रीजन्सी' कादंबऱ्या मुंबईच्या मध्यमवर्गीय घरांत वर्षानुवर्षे वाचल्या गेल्या. त्यांतले एक ठरलेले कथानक असे की, कर्जात बुडालेला एखादा उमराव आणि आधाराची किंवा प्रतिष्ठेची गरज असलेली एखादी मुलगी केवळ सोय म्हणून विवाह करतात आणि पुढे दोन-तीनशे पाने खर्ची पडल्यावर दोघांना एकमेकांविषयी प्रेम वाटू लागते. आधी लग्न आणि मग प्रेम हा क्रम इंग्रज वाचकाला चमत्कारिक वाटत असेल. मराठी वाचकाला तो आपल्या आजीच्या आणि आईच्या संसारात पाहायला मिळालेला असतो. या कादंबऱ्या इथे परक्या वाटल्या नाहीत, याचे एक कारण बहुधा हेच असावे.

या प्रकारातील विचारात घेण्याजोगी कादंबरी म्हणजे जॉर्जेट हेयर यांची 1961 साली प्रसिद्ध झालेली 'अ सिव्हिल कॉन्ट्रॅक्ट'. वडील वारल्याने ॲडम हा तरुण सैनिक रणांगणावरून परततो, तेव्हा वारशात त्याला पदवी मिळते आणि तिच्याबरोबर गहाण पडलेली वडिलार्जित इस्टेटही मिळते. त्याचे मन एका रूपवतीवर जडलेले असते, पण घर वाचविण्यासाठी तो लंडनमधील एका गडगंज व्यापाऱ्याच्या साध्यासुध्या मुलीशी, जेनीशी, लग्न करतो. व्यापाऱ्याला जावयाची पदवी हवी असते आणि जावयाला सासऱ्याची थैली. कोणी काही लपवीत नाही. पुढे वॉटर्लूच्या लढाईच्या अफवांनी लंडनचा बाजार कोसळतो, तेव्हा सासऱ्याचा सल्ला झुगारून ॲडम सरकारी रोखे विकत घेतो आणि स्वतःच्या पायावर उभा राहतो. सासऱ्याच्या पैशाची गरज संपल्यावरही त्याला जेनी हवीशी वाटते, हीच या कादंबरीतली प्रेमकथा. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांना ती नेमलेल्या पुस्तकांपेक्षा अधिक शिकवील, असे म्हणावयास हरकत नाही.

अर्थात वस्तुस्थिती कादंबरीइतकी गोड नव्हती. तेव्हाच्या इंग्रजी कायद्यानुसार विवाह होताच स्त्रीची रोकड आणि जंगम मालमत्ता नवऱ्याची होत असे; ती स्वतःच्या नावावर ठेवण्याचा पुरता अधिकार तिला 1882 च्या कायद्याने मिळाला. म्हणूनच पैसेवाले बाप लग्नापूर्वी वकिलाकडून करारपत्र करून घेत. मुलीच्या पैशावर विश्वस्त कोण, वरखर्चासाठी तिला वर्षाला किती आणि वैधव्य आल्यास किती, हे सर्व त्यात नमूद असे. ज्यांच्या बापाजवळ वकिलाला द्यायलाच पैसे नव्हते, त्यांची गोष्ट निराळी. जेन ऑस्टिन यांच्या 1813 सालच्या 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मधली शार्लट वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी एका मूर्ख पाद्र्याला होकार देते, कारण तिला घर हवे असते. स्वतः ऑस्टिन यांनी 1802 साली एका जमीनदाराच्या मुलाला संध्याकाळी होकार दिला आणि रात्र उलटताच तो परत घेतला. त्या अविवाहित राहिल्या आणि वडिलांच्या निधनानंतर बरीच वर्षे भावांच्या आधाराने जगल्या.

मराठी साहित्यात सोयीच्या लग्नाला असे मानाचे स्थान कधीच मिळाले नाही. देवलांच्या 'शारदा'पासून (1899) मामा वरेरकरांच्या 'हाच मुलाचा बाप'पर्यंत लग्नातला व्यवहार रंगभूमीवर आला तो आरोपी म्हणून. ते योग्यच होते. परंतु त्याचा एक परिणाम असा झाला की, व्यवहार करायचा सर्वांनी आणि त्याचे नाव मात्र घ्यायचे नाही, ही रीत पडली. 'आमची काही अपेक्षा नाही' हे वाक्य उच्चारल्यावर घटकाभर जी शांतता पसरते, तिचा अर्थ मुलीच्या बापाला कोणी समजावून सांगावा लागत नाही. 1961 च्या हुंडाबंदी कायद्यानंतर ही शांतता थोडी लांबली, इतकेच.

मराठीत विवाहयोग्य मुलामुलीला 'स्थळ' म्हणतात. मुंबईत हा शब्द अक्षरशः खरा ठरला. 1947 च्या भाडेनियंत्रण कायद्याने जुन्या घरांची भाडी 1940 च्या पातळीवर गोठवली. गिरगावातल्या चाळीत खोलीचे भाडे नाममात्र राहिले आणि त्या खोलीत शिरण्याची पागडी मात्र आवाक्याबाहेर गेली. साहजिकच ज्याच्या बापाच्या नावावर भाडेपावती, त्या मुलाचा भाव वधारला. वधू-वरांच्या छोट्या जाहिरातींत 'मुंबईत स्वतःची जागा' हे शब्द पगाराच्या आकड्याइतकेच वजनदार ठरले. आत गेल्यावर त्या जागेत सासू-सासरे, दीर आणि नणंद आधीच नांदत असत. 1970 च्या 'मुंबईचा जावई' या चित्रपटात प्रेक्षक ज्या अडचणीला हसले, तीच घेऊन त्यांतले कित्येक जण रात्री घरी परतले असतील.

गिरणगावात हा हिशेब आणखी निराळा होता. परळ-लालबागच्या गिरण्यांत राबणारा कोकणातला किंवा घाटावरचा कामगार लग्न करी गावी. बायको शेत, गुरे आणि म्हातारी माणसे सांभाळी आणि तो मुंबईत गाळ्यात दहाजणांबरोबर राहून खानावळीत जेवी. मनिऑर्डर गावी जाई, भाताची फाटी वर्षातून एकदा मुंबईला येई. या लग्नात सोय नेमकी कोणाची झाली? गिरणीमालकाची, असे उत्तर द्यावे लागते. कामगाराचे कुटुंब शेतावर जगत असल्यामुळे कुटुंब पोसण्याइतका पगार देण्याची निकड मालकाला भासली नाही. शेतावर राबणाऱ्या त्या स्त्रीचे नाव कोणत्याही हजेरीपटावर नव्हते. 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले, आणि तेव्हा कित्येक कुटुंबांना आधार वाटला तो याच गावाकडच्या घराचा.

शिकलेल्या मुलींची गोष्ट 'विभावरी शिरूरकर' या नावाने मालतीबाई बेडेकरांनी 1933 सालीच 'कळ्यांचे निःश्वास'मध्ये सांगितली होती. मुलगी मिळवती झाली की तिचे लग्न लांबणे ही माहेरची सोय होते आणि ते झाले की तिचा पगार ही सासरची. दादरच्या फलाटावर सकाळच्या गर्दीत उभ्या असलेल्या कारकून स्त्रियांपैकी कितीजणींना पगाराचे पाकीट स्वतः उघडता आले, हे कोणत्याही खानेसुमारीत विचारले गेले नाही.

या सगळ्यावर उघडपणे बोट ठेवले ते एका हिंदी चित्रपटाने. 1977 च्या 'घरौंदा'मध्ये अमोल पालेकर आणि झरीना वहाब यांनी साकारलेले प्रेमिक घरासाठी पैसे भरतात आणि बिल्डर त्यांना फसवितो. तेव्हा तो प्रियकरच तिला सुचवतो की, हृदयविकाराने आजारी असलेल्या मालकाशी तिने लग्न करावे. तो फार दिवस जगायचा नाही. मालकाच्या भूमिकेत डॉ. श्रीराम लागू होते. तो जगतो, आणि ती त्याच्यात गुंतत जाते. कथानक थेट रीजन्सी कादंबरीचे. फरक एवढाच की इथे इस्टेटीच्या जागी दोन खोल्यांचा फ्लॅट आहे, आणि मुलीच्या वतीने करार करणारा वकील कुठेच नाही. तिला व्यवहारात उतरवले ते ज्याने प्रेम केले त्यानेच.

आजही पाहण्यासारखे आहे ते कागदावरचे नाव. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याने पत्नीला सासरच्या घरात राहण्याचा हक्क दिला, मालकी दिली नाही. नायगाव आणि ना. म. जोशी मार्गावरील बीडीडी चाळींत 160 चौरस फुटांच्या खोलीच्या बदल्यात 500 चौरस फुटांचे घर देण्याची पुनर्विकास योजना आहे. साहजिकच तिथली मुले पुन्हा 'चांगली स्थळे' ठरणार. मात्र ज्या सुनेने त्या खोलीत सार्वजनिक नळाचे पाणी भरण्यात तीस वर्षे घालवली, तिचे नाव नव्या घराच्या कागदावर येते की केवळ नवऱ्याचे आणि मुलाचे, हा प्रश्न घरातल्या घरातच मिटवला जातो. 2021 पासून महाराष्ट्रात घर केवळ स्त्रीच्या नावावर घेतल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. साठ लाखांच्या घरावर हे साठ हजार रुपये होतात. मध्यमवर्गीय घरात एवढ्या रकमेसाठी नवरा करारपत्रावरून आपले नाव वगळायला तयार होतो, आणि मग हप्ते भरणाऱ्या बायकोला नोंदणी कार्यालयात सही करण्यासाठी अर्ध्या दिवसाची रजा काढावी लागते.