कपड्यावरचा चीक : फणसाचा आणि केळीचा

फणस कापायला बसताना कोकणातली बाई आधी विळीला आणि हाताला खोबरेल लावते. बरका असो की कापा, हा रिवाज चुकत नाही. पण तोच चीक पोराच्या सदऱ्याला लागला, की सदरा थेट पाण्यात बुचकळला जातो! हाताला चालते ती युक्ती कपड्याला का नको?

फणसाचा चीक रबराच्या आणि राळेच्या जातीचा. पाण्यात तो विरघळत नाही, तेलानं मात्र सैल होतो. कढत पाणी ओतलंत तर मऊ होऊन सुतात आणखी खोल शिरेल. इस्त्रीनंही तेच. म्हणून चीक आधी सुकू द्यावा. घरात बर्फ असेल तर वरून धरावा, आणि कडक झाला की बोथट सुरीनं खरवडावा. उरलेल्यावर खोबरेल चोळून पाव तास ठेवा. बोटाखाली चिकाच्या गोळ्या होऊन सुटू लागतील. मग राहतो तो नुसता तेलाचा डाग, तो साबणानं जातो. अगदीच हट्टी असला तर रॉकेलचा बोळा फिरवावा. पण चुलीपासून लांब, आणि वास जाईपर्यंत कपडा विस्तवाजवळ नेऊ नये.

केळीचं सगळं उलट. जळगावकडे घड उतरवणाऱ्या गड्याचे कपडे पाहा, काळपट तपकिरी डागांनी भरलेले. हा चीक निघताना पाण्यासारखा दिसतो, म्हणून कोणी लक्ष देत नाही. त्यात हिरड्यात असतं तसलं तुरट द्रव्य असतं. हवा लागली की ते काळं पडतं, आणि साबण-सोड्याच्या खारानं तर लवकरच. इथं तेल कामाचं नाही. लगेच गार पाणी, मग लिंबू चोळून पुन्हा पाणी; साबण शेवटी. रात्र उलटली तर डाग बहुधा पुरता जात नाही, उगाच आशा कशाला दाखवू? पांढऱ्या सुती कपड्याला ब्लीचिंग पावडरचं पातळ पाणी लावून पाहावं. रंगीत, रेशमी, लोकरी कपड्याला मुळीच नाही. बागेत जाताना जुना सदरा घालावा हे बरं.

आता गुरुजी, तुमच्यासाठी. जूनमध्ये शाळा उघडते तेव्हा कोकणात अजून घरोघरी फणस असतात. डागाळलेल्या गणवेशात आलेलं पोर मळकंच असेल असं नाही. त्याच्या आईनं तो चार वेळा धुतला असेल, आणि दुसरा जोड घरात नसेल. त्याला वर्गाबाहेर उभं करण्याऐवजी दोन पांढऱ्या चिंध्या घ्या. दोन्हींवर केळीचा ताजा चीक टाका, एकीला लिंबू चोळा, दुसरीला साबण, आणि दुसऱ्या दिवशी त्या मुलांच्याच हाती द्या.