थारोळे : एका शब्दाची आणि विहिरीची गोष्ट

‘रक्ताच्या थारोळ्यात’ हे शब्द आपण वर्तमानपत्रात नेहमी वाचतो. थारोळे म्हणजे मुळात विहिरीच्या काठावरचे कुंड. मोटेचे पाणी त्यात पडे आणि पाटाने शेतात जाई. मोट गेली, पाणी गेले. शब्द मात्र रक्तापुरता उरला. नांदगाव तालुक्यातल्या जुन्या विहिरी पाहत हिंडताना हे सारखे मनात येते.

मोट कातड्याची. जाड नाडा तिचे तोंड ओढी, बारीक सोंदूर तिची सोंड धरून ठेवी. बैल धावेवरून उतरत, तशी मोट वर येई. काठावर आली की सोंदूर सोंडेला थारोळ्यात ओढून घेई आणि पाणी ओतले जाई. मग बैल उलट्या पावलांनी धाव चढत. चाक सुताराचे, कडे लोहाराचे, कातड्याची शिवण चांभाराची; मोबदला खळ्यावर बलुत्याने मिळे.

नांदगाव पर्जन्यछायेत येते. जमिनीखाली काळा पाषाण. पाणी साठते ते मुरमात आणि खडकाच्या भेगांत, आणि विहिरीत सावकाश पाझरते. मोटेचा वेग बैलांच्या पावलांचा. बैल सोडले की विहिरीलाही विसावा मिळे. विहिरीची ओळखही मोटांवरून सांगत : एक मोटेची, दोन मोटांची. साताऱ्याजवळच्या लिंब गावची प्रसिद्ध विहीर तर बारा मोटांची. आता हॉर्सपॉवर सांगतात. पहिल्या मापात विहिरीची ताकद कळे. दुसऱ्यात मोटारीची कळते.

मोटेचे गोडवे गाण्याचे कारण नाही. त्यात माणसाचे आणि बैलाचे हाल होते, आणि गावातल्या प्रत्येक विहिरीला प्रत्येकाचा हात लागू दिला जात नव्हता. १९७२च्या दुष्काळात मोटेच्या विहिरीही आटल्या. इंजिन आले ते सुटका म्हणूनच. पण त्याबरोबर उपशाला असलेली बैलांच्या दमाची मर्यादा गेली, आणि तिच्या जागी गावाने दुसरी मर्यादा घातली नाही. १९९३च्या कायद्याने पिण्याच्या सार्वजनिक स्रोतापासून ५०० मीटरच्या आत परवानगीशिवाय नवी विहीर खोदण्यास मनाई केली. तोवर बोअर गावोगाव पोचले होते. याच तालुक्यात पांझणजवळ १९६९ साली गिरणा धरण पूर्ण झाले, पण त्याचे लाभक्षेत्र मुख्यतः जळगाव जिल्ह्यात आहे.

उन्हाळ्यात टंचाईच्या गावात टँकर येतो आणि पाणी विहिरीत सोडतो. बाया दोर टाकून ते पुन्हा वर काढतात. ज्या विहिरीतून शेत भिजत असे, ती आता टाकीचे काम करते. काठावरचे थारोळे कोरडेच असते.