रक्तवाढीची गोळी सुटली, तर कोड कोणता?

श्रीपूर-अकलूजकडून पुण्याला जाऊन मेडिकल कोडिंगची नोकरी धरायचा आपला विचार असेल, तर हा प्रश्न लवकरच समोर येईल. मेडिकल कोडिंग म्हणजे डॉक्टरांनी केसपेपरवर लिहिलेल्या आजारांना आणि उपचारांना ठरलेले अक्षर-अंकी संकेत देणं. हे काम बरंचसं अमेरिकेतल्या रुग्णालयांसाठी चालतं. तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०-सीएम ही आजारांच्या संकेतांची, म्हणजे कोडची, यादी लागू आहे. नियम तिकडचे, उदाहरण आपण इकडचं घेऊ.

समजा, श्रीपूरच्या कारखान्याच्या हंगामात ऊसतोडीला आलेली एक बाई आहे. लोहाच्या कमतरतेचा ॲनिमिया, रोज एक गोळी लिहून दिलेली. मळमळतं म्हणून तिने गोळ्या मनानेच बंद केल्या. आता थकवा वाढला म्हणून ती पुन्हा आली आहे.

आधी पाहायचं, हे अंडरडोसिंग आहे का. अंडरडोसिंग म्हणजे सांगितल्यापेक्षा कमी औषध घेणं किंवा आपल्या मनाने थांबवणं. इथे आहे. पण डॉक्टरांनीच मात्रा कमी केली असती तर नसतं. गोळी रोज घेतली, फक्त चहासोबत घेतली, तरीही नसतं. चहामुळे लोह कमी शोषलं जातं हे खरं, पण मात्रा पूर्ण गेली आहे. ‘शोषलं नसेल’ हा तर्क कोडरने करायचा नाही.

मग आजाराचा कोड. ॲनिमियाचं कारण लिहिलेलं नसेल तर डी५०.९. हाच पहिला. अंडरडोसिंगचा कोड पहिल्या जागी कधीच बसत नाही. नवखे इथे चुकू शकतात. बाई गरोदर असेल, तर मान गरोदरपणाच्या ओ९९.०१ गटाला, डी५०.९ त्यामागून.

त्यानंतर लोहाच्या अंडरडोसिंगचा कोड, टी४५.४एक्स६ए. यातला सहावा अंक नीट पाहा. १ म्हणजे अपघाताने झालेली विषबाधा, ५ म्हणजे औषध बरोबर घेऊनही झालेला त्रास, ६ म्हणजे कमी घेतलेलं औषध. केसपेपरवर ‘मळमळ’ दिसली की हात ५ कडे जातो. पण बाई मळमळीसाठी आलेली नाही. मळमळ हे गोळी सुटण्याचं कारण आहे, म्हणून ६. शेवटच्या ‘ए’चा अर्थ पहिली भेट असा घेऊ नका. त्या तक्रारीवर प्रत्यक्ष उपचार चालू असेपर्यंत तो ‘ए’च राहतो, भेट कितवीही असो.

आता कारण. माझ्या मते खरी कसोटी इथे आहे. मुद्दाम बंद केल्या आणि कारण पैशाची ओढाताण, तर झेड९१.१२०. मुद्दाम, पण कारण दुसरं, जसं इथे मळमळ, तर झेड९१.१२८. वयोमानाने विसरल्या तर झेड९१.१३०, एरवी नकळत राहून गेल्या तर झेड९१.१३८. हा कोड टी-कोडच्या मागून.

नुसतं ‘गोळ्या घेत नाही’ एवढंच लिहिलं असेल, तर अंदाज बांधू नका. डॉक्टरांना लेखी विचारणा करा, तिला क्वेरी म्हणतात. त्यातही ‘परवडत नव्हत्या का?’ असं उत्तर सुचवू नका. ‘गोळ्या बंद होण्याचं कारण नोंदवावं’ एवढं पुरे.