आधी कागद, मग कॅमेरा

कोल्हापूरच्या सिनेमाचं नाव निघालं की शांताराम आणि भालजी पेंढारकर आधी आठवतात. पण पाया घातला तो बाबूराव कृष्णराव मेस्त्री (१८९०–१९५४) यांनी. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवता रंगवता 'पेंटर' हेच त्यांचं आडनाव होऊन बसलं. भाऊ आनंदरावांसोबत त्यांनी कॅमेरा घडवायला घेतला. १९१६ मध्ये आनंदराव गेले, तेव्हा शिष्य दामल्यांच्या मदतीनं बाबूरावांनी तो पुरा केला. महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती या यंत्रावर आणि गायिका तानीबाई कागलकरांच्या पैशावर.

१९२० चा 'सैरंध्री' पुण्यात लागला आणि गाजला. फाळक्यांच्या सुरुवातीच्या बऱ्याच चित्रपटांत पुरुषच लुगडी नेसायचे. इथं स्त्रियांची कामं स्त्रियांनीच केली. कीचकवध इतका खराखुरा वठला की सेन्सॉरनं त्याला कात्री लावली, असं सांगतात. टिळकांनी तर बाबूरावांना 'सिनेमा केसरी' म्हटलं.

माझ्या मते बाबूरावांचं वेगळेपण यंत्रात कमी आणि कागदावर जास्त होतं. पोशाख, दागिने, पात्राची बसण्याची ढब, सगळं ते आधी रेखाटायचे. रंगवलेले पडदे ज्याच्या हातात मुरले होते, त्यानंच सेटला खोली दिली. 'सिंहगड'मध्ये (१९२३) त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला. जाहिरातीचं पोस्टरही स्वतःच काढायचे.

पुराणं आणि इतिहास यांत रमलेला हा माणूस १९२५ मध्ये अचानक सावकाराच्या दारात गेला. नारायण हरी आपट्यांच्या कथेवरच्या 'सावकारी पाश'मध्ये जमीन गमावलेला शेतकरी शहरात गिरणीत राबतो. ती भूमिका केली तरुण शांतारामनं. तेव्हाच्या प्रेक्षकाला राजवाडे हवे होते. बाबूरावांनी दाखवली झोपडी आणि रात्री भेसूर रडणारा कुत्रा. चित्रपट फारसा चालला नाही.

१९२९ मध्ये बाबूरावांचे शिष्य दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम महाराष्ट्र फिल्म कंपनीतून बाहेर पडले आणि सीताराम कुलकर्णी यांच्या भांडवलावर कोल्हापुरातच 'प्रभात' ही चित्रपट कंपनी सुरू झाली. गुरूची कंपनी लवकरच थंडावली. बोलपटात बाबूराव तितके रमले नाहीत, आणि ते स्वाभाविक होतं: त्यांचं सगळं सांगणं चित्रातून होतं. तरीही १९३६ मध्ये त्यांनी 'सावकारी पाश' पुन्हा, आवाजासह काढला. १९४७ मध्ये शांतारामांच्या 'राजकमल' या चित्रपटसंस्थेसाठी 'लोकशाहीर राम जोशी'चं दिग्दर्शन त्यांच्याकडे आलं. शिष्य आता मालक होता.