कानशिलावरचा पांढरा पट्टा

1970 साली ‘जॉनी मेरा नाम’ आला. त्यात देव आनंद आणि प्राण सख्खे भाऊ, आणि आई सुलोचनाबाई. देव आनंद त्यांच्याहून पाच वर्षांनी मोठे, प्राण आठ. म्हणजे दोन्ही लेक आईपेक्षा वडील! कानशिलावर पांढरा पट्टा ओढला, पदर डोक्यावरून घेतला की बाई म्हातारी. हिरोच्या वयाची चौकशी कोणी करायचं नाही.

हा हिशेब पुढे तीस वर्षं तसाच चालला. ‘अग्निपथ’मध्ये (1990) रोहिणी हट्टंगडी आपल्याहून मोठ्या अमिताभच्या आई झाल्या. ‘मैंने प्यार किया’त सलमानची आई केली तेव्हा रीमा लागूंनी तिशी नुकतीच ओलांडली होती, आणि ‘वास्तव’मधला (1999) त्यांचा लेक संजय दत्त त्यांच्याहून जेमतेम वर्षभराने लहान.

ललिता पवारांची तऱ्हा वेगळी. 1942 मध्ये चित्रीकरणात बसलेल्या थपडेनं त्यांचा डोळा अधू झाला आणि त्यांच्यातली नायिका संपली. मग तो बारीक झालेला डोळाच खाष्ट सासूचा डोळा म्हणून कित्येक वर्षं वापरला गेला. पण ‘अनाडी’तल्या त्यांच्या मिसेस डिसा आठवा. वरून फणसासारख्या, आतून गरे. त्या बाईला स्वतःचं घर होतं, स्वतःचा रागही.

रंगभूमीवर चित्र थोडं बरं होतं. जयवंत दळवींच्या ‘संध्याछाया’त म्हातारी नानी कोपऱ्यात माळ ओढत बसत नाही, नाटकच तिचं आणि नानांचं आहे. अर्थात तिथेही नानी झालेल्या विजया मेहता चाळिशीच्या आसपासच होत्या, पण निदान म्हातारपणाकडे कोणी धड पाहिलं. त्याच दळवींच्या लेखनावरून बिपिन नाडकर्णींनी ‘उत्तरायण’ केला : एक निवृत्त विधुर आणि त्याची जुनी मैत्रीण, शिवाजी साटम आणि नीना कुळकर्णी. उतारवयातली ओढ इतक्या हलक्या हाताने मराठी पडद्यावर पुन्हा आलेली मला तरी आठवत नाही.

मालिकांनी सासूला सिंहासन दिलं. ‘चार दिवस सासूचे’ नावाला चार दिवस, चालली 2001 ते 2013. पण ती सत्ता घराच्या उंबरठ्याआतलीच. 2019 मध्ये ‘अग्गंबाई सासूबाई’त निवेदिता सराफांची विधवा आसावरी पुन्हा लग्न करते, तेही सुनेच्या पुढाकाराने. आमच्या घरी तेव्हा जेवणाची वेळ बदलली होती. सासूबाई गप्प बसून बघायच्या आणि संपल्यावर एकदाच म्हणायच्या, ‘बरं झालं.’

2021 च्या ‘फोटो प्रेम’मधली माई फोटोला घाबरते. मग तिच्या ध्यानात येतं की आपण गेल्यावर भिंतीवर लावायला आपला एक धड फोटोही नाही. नीना कुळकर्णी कॅमेऱ्यासमोर बसतात तेव्हा खांदे आक्रसतात, ओठ घट्ट मिटतात. आपल्या किती आज्यांचे फोटो असेच आहेत, बघा जरा अल्बम काढून.

आणि मग 30 जून 2023, ‘बाईपण भारी देवा’. सहा बहिणी, मंगळागौरीची स्पर्धा. बायका नऊवारी नेसून, नथ घालून थिएटरात आल्या. मध्यंतरात समोशाच्या रांगेत माझ्यापुढची काकू मैत्रिणीला सांगत होती, ‘गुडघा बदलायचा सांगितलाय, पण त्याआधी एक फुगडी घालणारच.’ या वयाच्या बायका तिकीट काढत नाहीत, हे निर्मात्यांचं जुनं पालुपद त्या पावसाळ्यात मोडलं. सुलोचनाबाई त्याच जूनच्या 4 तारखेला गेल्या होत्या.

तरी एक तक्रार उरतेच. पडद्यावर मोकळ्या झालेल्या या बायका बहुतेक फ्लॅटमधल्या आहेत. मंडईत पाटी घेऊन बसणारी, उसाच्या फडात मोळी बांधणारी पन्नाशीची बाई अजून एखाद्या दृश्यापुरतीच येते, आणि तिला नावही नसतं.