मुन्नाभाईची गुणवत्ता कोणी तपासली?

पडद्यावरचा गुंड बदलला. 'सत्या'तला (१९९८) भिकू म्हात्रे, 'वास्तव'मधला (१९९९) रघू शेवटी मरत होते. 'मुन्नाभाई एम.बी.बी.एस.'चा (२००३) गुंड लोकांना हसवून लाडका झाला. मल्याळममध्ये 'आवेशम'च्या (२०२४) रंगानेही तेच केले.

आम्हीही हसलो. पण मुन्नाने दमदाटीने दुसऱ्याकडून प्रवेश परीक्षा लिहून घेतली आणि डॉक्टरकीची जागा मिळवली. त्याची गुणवत्ता कोणी विचारली का? उलट टाळ्या पडल्या! ओबीसींना २७ टक्के आरक्षण म्हणताच २००६ मध्ये मात्र गुणवत्तेच्या नावाने डॉक्टर मंडळी रस्त्यावर उतरली.

आमच्या धानोऱ्यासारख्या गावातली आदिवासी मुलगी स्वतः परीक्षा देऊन, घटनेने दिलेल्या हक्काने तिथे पोहोचते, तेव्हा तिला 'कोट्यातली' म्हणून हिणवतात. आमच्याच खानदेशच्या डॉ. पायल तडवी यांनी मे २०१९ मध्ये मुंबईत आत्महत्या केली. जातीय छळाच्या आरोपावरून तीन वरिष्ठ महिला डॉक्टरांवर गुन्हा दाखल झाला.

भाईची दादागिरी हसत माफ आणि बाबासाहेबांनी घटनेत लिहिलेला हक्क मात्र गुन्हा, हा कुठला न्याय? बांधवांनो, सिनेमा जरूर पाहा. पण आपण कशाला हसतो, हे स्वतःला विचारा.